दहावा डबा

दार उघडलं आणि व्हिनेगरचा वास नाकाला झोंबला. फिल्म सडायला लागली की असा वास येतो.

पेपरात परीक्षणं लिहून पोट भरलं, आणि आता वीस वर्षं देशभरचे माळे नि गोदामं पालथी घालून जुने सिनेमे संग्रहालयात पोचवतोय. लोक हार घालतात, भाषणं करतात. त्यांना काय ठाऊक! ज्या सिनेमापायी माझी झोप उडालीय, त्याची जगातली एकुलती एक प्रत या घरात होती. दार उघडणाऱ्या वहिनींचा नवरा त्याचा दिग्दर्शक, माझा जिवलग मित्र. त्याच्या सिनेमाची माती केली ती माझ्याच परीक्षणानं. आठवड्यात थिएटरातून उतरला. गड्यानं मरेपर्यंत पुन्हा कॅमेऱ्याला हात लावला नाही.

वहिनी बसासुद्धा म्हणाल्या नाहीत. टेबलावर फिल्मचे दहा डबे मांडलेले होते. मी घाईघाईनं सांगितलं की संग्रहालयाची गाडी खाली उभी आहे, ही फिल्म आणखी एक उन्हाळा काढायची नाही, मागचं उकरून काय मिळणार. हे शेवटचं बोललो आणि जीभ चावली.

"न्या की," त्या म्हणाल्या. "आधी शेवट सांगा. शेवट फसलाय, असं लिहिलं होतं ना तुम्ही?"

आम्हा परीक्षणवाल्यांची एक वाईट खोड. पान छापायला लवकर जायचं, म्हणून मध्यंतरात उठायचं आणि उरलेला सिनेमा जाहिरातीच्या पत्रकावरून उरकायचा. ते पत्रक मला अजून पाठ होतं. नायक घरी परततो, असं ठोकून द्यायचं अगदी ओठांवर आलं. चुकलं तर डबे गेले. खरं बोललो तरी जाणारच होते. पण त्या माझ्या डोळ्यांत बघत होत्या, आणि मला स्वतःचीच किळस आली.

"वहिनी, मी पाहिलाच नाही. मध्यंतरात उठून गेलो होतो."

"माहीत आहे. आम्ही मागच्याच रांगेत होतो. हे शेवटपर्यंत तुमच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत होते. कुणाला बोलले नाहीत. मित्र ना तुम्ही."

त्यांनी डबे माझ्याकडे सरकवले. मी एकेक उघडला. नऊ रिळं वाकडी झाली होती, पण वाचवता येण्यासारखी होती. दहाव्याचं झाकण गंजून बसलेलं. चमच्यानं उचकटलं. आत सगळी फिल्म चिकटून एकच गोळा झाला होता, बोट लावलं तर भुगा पडला. शेवटचं रीळ. मी उभ्याउभ्याच ढसाढसा रडलो.

वहिनींना ते आधीपासून ठाऊक असावं. त्यांनी आता कुठे माझ्यासाठी खुर्ची ओढली आणि माझ्यापुढे वही ठेवली.

"मला एकेक शॉट आठवतो. सांगते, लिहून घ्या. फक्त या वेळी संपेपर्यंत उठू नका, भाऊजी."

खाली गाडीवाल्यानं हॉर्न वाजवला, मग पुन्हा वाजवला. मी पेनाचं टोपण काढलं.