जिच्या नावावर काही नाही अशी उमेदवार

वॉर्ड महिलांसाठी राखीव झाल्याचं कळलं त्या दिवशी नगरसेवक जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांनी बायकोला फोटो काढायला नेलं. गावात त्यांना 'भावी' म्हणत, कारण त्यांच्या प्रत्येक फलकावर 'भावी नगराध्यक्ष' असं असे आणि भूतकाळात काही जमा होत नसे.

"उभी तू राहा," ते बायकोला म्हणाले, "बसायचं माझं मी बघतो."

बायकोला सगळे वहिनी म्हणत. वहिनींना आधी हसू आलं, मग हुरूप आला. न्हाणीघराला कडी लावून, नळ सोडून त्या भाषणाचा सराव करू लागल्या.

अर्ज भरायला वकील आले आणि पात्रतेचे नियम वाचू लागले. "नगरपालिकेच्या कामाचा ठेका उमेदवाराच्या नावावर नसावा."

"माझ्या नावावर साधं सिमकार्ड नाही," वहिनी म्हणाल्या.

वकिलांनी घसा खाकरला. "बाजारामागचं गटार तुमचंच आहे, वहिनी. काम अजून चालू आहे."

वहिनींचा हात घोट्याकडे गेला. त्याच गटाराच्या उघड्या तोंडात पाय जाऊन त्यांचा घोटा मुरगळला होता. तेव्हापासून भाजीला जाता-येता त्या ठेकेदाराच्या सात पिढ्यांचा उद्धार करत होत्या.

"अहो, हे गटार मी कधी बांधलं?"

"अगं, विम्याच्या म्हणून सह्या घ्यायचो ना," भावी म्हणाले. "आता ठेका सोडला तर बिल अडकेल."

मग भावजयीचं नाव निघालं. तिच्या घराचा सज्जा भावींच्याच कृपेने रस्त्यावर आला होता, आणि बेकायदा बांधकामवाल्याला निवडणूक बंद. भावींच्या आईचं नाव मतदार यादीत दोन ठिकाणी होतं. तेही पुत्रकर्तव्यच.

वकिलांनी पेनाला टोपण लावलं. "घरात अशी कोणी बाई आहे का, जिच्या नावावर तुम्ही काहीच केलेलं नाही?"

भावींची नजर हळूहळू गच्चीच्या दाराकडे वळली. तिथे वहिनींची आई मटार सोलत बसली होती. ती निवृत्त परिचारिका. लेकीकडे राहायला येऊन तिला बरीच वर्षं झाली होती, पण जावयाने तिच्यापुढे कधी कागद ठेवला नव्हता. ती वाचल्याशिवाय सही करत नसे.

तिने चष्मा पुसून सगळे नियम वाचले. "असा जावई असणं ही अपात्रता धरतात का?" तिने वकिलांना विचारलं.

"नाही, आई."

"मग माझी हरकत नाही."

ती निवडून आली. पहिल्या सभेला भावी तिच्या शेजारी खुर्ची ओढून बसले. ती हळूच म्हणाली, "जावईबापू, इथे निवडून आलेले बसतात." भावी मागच्या बाकावर गेले, पंख्याखाली.

त्याच सभेत गटाराचं बिल मंजुरीला आलं. आईने आधी पाहणी मागितली आणि संध्याकाळी लेकीला सांगितलं, "ठेकेदाराने उद्या हजर राहायचंय."

"आई, मला काय कळतं त्यातलं?"

"मलाही कळत नाही. दोघी बघू."

वहिनी रागातच गेल्या. पण बघितल्यावर त्यांचा राग आईवरून उतरला. गटाराच्या एकाही तोंडावर झाकण नव्हतं, आणि भिंतीचं सिमेंट बोटाने खरवडलं तरी निघत होतं. इतक्या शिव्या घातल्या त्या कमीच पडल्या असं त्यांना वाटलं.

"फोडा हे. नव्याने बांधायचं," त्या मुकादमाला म्हणाल्या.

मुकादमाने मागे येऊन उभ्या राहिलेल्या भावींकडे पाहिलं.

"तिकडे काय बघता? ठेकेदार मी आहे."

"अगं, या कामात काही उरणार नाही," भावी कासावीस होऊन म्हणाले.

"न उरू दे. चालता तरी येईल."

वहिनी रोज सकाळी कामावर जाऊन उभ्या राहू लागल्या. गवंडी आधी गालात हसत, मग विचारून काम करू लागले. गटार पुरं झालं आणि आईने बिलाच्या बाजूने हात वर केला. पुढे वहिनींनी शेजारच्या गावच्या एका नाल्याची निविदा भरली. अहोंनी विचारलं, "सही कुठे करायची ते दाखवू का?" तर त्या म्हणाल्या, "थांबा, अजून वाचते आहे."