तीनशे एकावी खुर्ची

मी खुर्ची बोलतेय. लगेच कान टवकारू नका. जिच्यापायी माणसं एकमेकांच्या उरावर बसतात, ती मी नव्हे. माझ्यावर तर सव्वा वर्षात कुणी टेकलंसुद्धा नव्हतं. मी सरकारी रुग्णालयाच्या भांडारात राहते आणि माझ्या पाठीवर लाखेचं सील ठोकलेली चिठ्ठी आहे: ‘मंजूर नमुना’.

जन्म तसा चांगल्या घरचा. एका ठेकेदाराच्या बायकोने जेवणाच्या टेबलासाठी हौसेने सहा सागवानी खुर्च्या करवून घेतल्या, त्यांतली मी शेंडेफळ. सुतार म्हातारा होता, पण हात असा की माझा एक सांधा आजवर कुरकुरलेला नाही. पुढे रुग्णालयाने बाहेर ताटकळणाऱ्या रुग्णांसाठी तीनशे खुर्च्यांची निविदा काढली. सोबत नमुना द्यायचा होता. ठेकेदाराने सरळ मलाच उचलून टेम्पोत टाकलं.

“अहो, सेट मोडताय माझा!” बायको दारातून ओरडली.

“आठ दिवसांत आणून देतो गं!”

त्या माउलीने विश्वास ठेवला. पाहुणे आले की अजूनही एकाला स्टुलावर बसवावं लागतं म्हणे.

मला पाहून रुग्णालयाचे साहेब खूश झाले, ठेका मिळाला. करारात लिहिलं होतं की येणारी प्रत्येक खुर्ची हुबेहूब माझ्यासारखी हवी. नसेल तर सगळा माल परत. म्हणून मला सील केलं. नमुना झिजू नये, म्हणून बसायलाही बंदी! देवाने गळा द्यावा आणि गायला मनाई करावी, तसलीच गत.

भांडार सांभाळणाऱ्या बाई मात्र मायाळू. स्वतः मोडक्या स्टुलावर बसायच्या, कंबर चोळत माझ्याकडे बघायच्या, पण नियम म्हणजे नियम. एकदा मला पुसताना त्या आपल्याशीच बोलल्या. मागच्या खेपेला बाकं आली होती. सगळे म्हणाले, “करा हो बाई सही, कुठे बघत बसता?” बाईंनी न बघता सही केली. महिन्याभरात बाक मोडून एका आजोबांचं खुब्याचं हाड गेलं. बाई भेटायला गेल्या, तर आजोबाच म्हणाले, “पोरी, मीच नीट बसलो नसेन.” हे सांगताना बाईंचे डोळे भरले आणि माझाही जीव कळवळला. आता पुन्हा न बघता सही करायची नाही, मग नोकरी गेली तरी बेहत्तर, असं त्यांनी ठरवलं होतं.

अखेर माल आला. रंग माझा, ऐट माझी, आत मात्र नुसता भुसा! तीनशेच्या जागी तीनशे एक खुर्च्या आल्या होत्या. ही चूक नव्हती, तो डाव होता.

जेवणाच्या सुट्टीत बाई बाहेर गेल्या, तसा ठेकेदार पॉलिशच्या बहाण्याने डबा घेऊन आत शिरला. सुरी तापवून माझं सील अलगद सोडवलं, एका भुसावाल्या खुर्चीला डकवलं आणि तिला माझ्या जागी ठेवलं. मला अंगणात नेऊन शेवटच्या रांगेत उभं केलं. थेट घरी का नाही नेलं? कारण या रुग्णालयात आत काहीही आणा, कुणी विचारत नाही. बाहेर मात्र गेटपासशिवाय केरसुणीही जात नाही.

दुपारी साहेब तपासणीला आले. खोटा नमुना आणि खोटा माल शेजारी ठेवला. जुळ्या बहिणीच त्या, जुळणारच!

“वा! बाई, करा सही,” साहेब म्हणाले.

ठेकेदार हात चोळत पुढे आला. “साहेब, एक खुर्ची जास्तीची आलीय चुकून. गेटपास मिळाला तर घेऊन जाईन म्हणतो.”

बाईंनी पास लिहिला. “ही घ्या, दाराजवळची न्या.”

“ती राहू द्या. मी मागची नेतो.”

“का हो? सगळ्या सारख्याच ना?”

“अगदी सारख्या! एकाच हातच्या!”

“मग हीच न्या. मागे कशाला जाताय उन्हात?”

“नाही, म्हणजे... मला तीच बरी वाटते,” म्हणत ठेकेदार धावला आणि मला दोन्ही हातांनी कवटाळून उभा राहिला. घरी बायकोला काय तोंड दाखवणार होता बिचारा!

बाईंनी पेन मिटलं. “साहेब, तीनशे एक खुर्च्यांतून यांना हीच हवीय. जरा बसून बघता का?”

साहेब अंगाने भरलेले. दाराजवळच्या खुर्चीवर बसले आणि तिचे मागचे पाय पसरले. बाईंनी हात दिला म्हणून वाचले. मग ते माझ्यावर बसले. काय सांगू, धन्य झाले मी! पुढची पंधरा मिनिटं साहेब उठलेच नाहीत. बसल्या बसल्याच म्हणाले, “लिहा बाई, माल नामंजूर.”

दोन महिन्यांनी नव्या खुर्च्या आल्या. बाईंनी दोन दिवस लावून तीनशेच्या तीनशे खुर्च्यांवर स्वतः बसून पाहिलं आणि मगच सही केली. माझ्यावर आता दोन सिलं आहेत. मला परत मिळावं म्हणून ठेकेदाराच्या बायकोने रीतसर अर्ज केलाय. तो विचाराधीन आहे.

तर मंडळी, निरोप घेते. एखाद्या सरकारी दारी खुर्चीवर बसलात आणि ती मुकाट राहिली, तर मागे कुठल्यातरी बाई न बघता सही करायला नकार देऊन अडून बसल्या होत्या असं समजा आणि त्यांना मनातून दुवा द्या. कुरकुरली, तर मात्र बसू नका. आधी ठेकेदाराला बसवा.