मांडणी

एक पिवळा पाय... नखांसकट. दोन दगडांच्या फटीत अडकलेला, बोटं आवळलेली—कोंबड्याचा पाय आहे हे कळायला संयोगिताला एक क्षण लागला, आणि कळल्यावरही तिचा हात तिकडेच गेला, कारण त्या फटीत काहीच नसायला हवं होतं. ती फट तिनं स्वतः बोट घालून घालून तेवढीच ठेवलेली होती.

मग पिसं दिसली. मग रक्त. जांभ्या दगडावर रक्त चटकन दिसत नाही, रंगात रंग मिसळतो. पण माश्या दाखवतात. तिनं रचलेल्या दगडांच्या वर्तुळात, आतल्या फेऱ्यावर, माश्यांची ओळच लागली होती, आणि त्या ओळीवरून नजर वर्तुळाच्या मध्यावर गेली तेव्हा तिच्या डोक्यात काहीतरी फाटल्यासारखं झालं. मधला उभा दगड—कमरेइतका, सड्याच्या, या कातळपठाराच्या, पार टोकावरून तिनं ओढत आणलेला—शेंदरानं माखला होता. त्याला पितळेचे डोळे बसवले होते. वाटोळे, बिनपापण्यांचे... तिच्याकडेच बघणारे.

उद्या सकाळी पुण्याहून माणसं यायची होती, ड्रोन घेऊन. शाहूवाडीच्या या उजाड सड्यावर सबंध हिवाळा तिनं दगडाला दगड लावला होता. सिमेंट नाही, रंग नाही, बाहेरचं काही म्हणजे काही नाही. इथलेच दगड, इथलंच वाळकं गवत. जमीन हाच कागद, जमिनीवरचं तेच सामान, अशी ही कला. ती टिकवायची नसते. वरून एकदा फोटो घ्यायचा आणि मग सोडून द्यायचं, पाऊस आहे, गुरं आहेत. म्हणजे उरणार तो फोटोच. आणि त्या फोटोत मधोमध आता हा... हा लालभडक ठिपका. पुण्याची माणसं माना डोलावतील, वा, लोकांचा सहभाग! गेला खड्ड्यात सहभाग. माहितीपत्रकात मीच लिहिलं होतं ना, ऊन, वारा, गुरंढोरं, जे येईल ते या कामाचंच... छान लिहिलं होतं. कोंबडं तेवढं मनात आलं नव्हतं.

ती जीपकडे गेली ती पहार घेऊनच परतली. फोडायचा. तुकडे करायचे. डोळे आधी—पहारेचं टोक त्या पितळी बुबुळात घालून उचकटायचे, मग मधोमध एक घाव, मग दुसरा. हाताला आत्ताच तो धक्का जाणवत होता, कोपरापर्यंत येणारा, आणि त्या जाणवण्यात गोड, लाज वाटावी असं काहीतरी होतं... थांब. हे गोड वाटणं तिनं कुठेतरी पाहिलं होतं. दुसऱ्याच्या तोंडावर.

बेंदूर, बैलांचा सण. शाहूपुरीतलं घर, पाटावर ओळीनं मांडलेले मातीचे बैल, तिनं केलेले, शिंगं अजून ओली. आबा, तिचे वडील, कागलच्या कारखान्यातून आले होते. चहा यायला उशीर झाला एवढंच. त्यांनी पहिला बैल उचलला आणि उंबऱ्यावर आपटला. मग दुसरा. घाई नव्हती त्यांना. हंबीरराव मोठे शिस्तीचे, असं बाजारपेठेत नाव होतं आबांचं... शेवटचा बैल फुटला तेव्हा त्यांचा चेहरा जेवून उठल्यासारखा निवांत झाला होता. आई वाकून तुकडे गोळा करत होती, आणि तिच्या पाठीत लाथ बसली, आणि ती खालच्या मानेनंच पोरीला म्हणाली, मला नाही लागलं ग. मला नाही लागलं!

तेव्हाच ठरलं असावं. पुढं जे करीन ते घरात मावणार नाही, उचलून आपटता येणार नाही, असं करीन. अख्खा डोंगर कोण उंबऱ्यावर आपटतो?

"बाई, कवा आलासा?"

धोंडुबाई. खालच्या वाडीतली, हिवाळाभर हिच्याच घरची पाण्याची कळशी वर यायची. हातात हळदकुंकवाचं ताट. संयोगिताच्या गळ्यातून आवाज फुटला तो तिचा तिलाच ओळखू आला नाही. "कुणी केलं हे?"

"मी की."

"कुणाला विचारून?"

"तुमीच म्हनलासा न्हवं, मांडणी हाय म्हून?"

मीच म्हणाले होते. पहिल्याच दिवशी. बाई, हे काय करतासा, असं हिनं विचारलं होतं आणि मी सोपा शब्द शोधत होते... मांडणी करतेय. कसली? मनातलं मांडायचं, आणि काय. त्यावर धोंडुबाईनं दगडांना हात जोडले होते आणि मला मनातल्या मनात हसू आलं होतं, किती भाबडी. चौरंगावर तांदूळ पसरतात, कलश ठेवतात, देव बोलावतात, ती मांडणी. हिच्या घरात त्या शब्दाला दुसरा अर्थच नव्हता.

"आमच्या कृष्णाताला चुलतभावानं बांधावर गाठलं," धोंडुबाई सांगत होती, सांगताना ताटातलं कुंकू नीट करत होती. "दगड घातला डोसक्यात. ल्योक डोळं उघडंना. डाक्टरनं हात वर केलं. मग हितं आलतो. म्हनलं, दगडानंच फोडलंय, दगडालाच इचारावं. सोड म्हनलं माझ्या लेकाला, कोंबडं कापतो." ती हसली. "परवा पानी मागितलं की त्येनं."

मग तिचं लक्ष पहारेकडे गेलं आणि चेहरा एकदम उजळला. "घट्ट करायला आलासा व्हय? लई झ्याक झालं. शेंदूर लावताना हालत हुता जरासा."

ती खाली बसलीसुद्धा. दोन्ही हातांनी दगडाला मिठी मारली, गाल शेंदराला टेकवला, मान वाकवली. "मी धरतो. तुमी बुडात दगडाच्या चिपा ठोका. हाना."

विरळ केस. मधोमध रुंद झालेला पांढरा भांग, त्यात कुंकू... पहार वर गेलेली होती. कधी गेली? नेम दगडावर होता, आणि नेम सरकला—कुणी ढकलला नाही, आपसूकच. दगडापासून भांगापर्यंत अंतर असं ते किती, वीतभर. हाताला दोन्ही सारखंच होतं. बैल, ताटं, आई—काय फुटतंय याच्याशी आबांच्या त्या हाताला कधी देणंघेणंच नव्हतं. आणि सगळे म्हणायचे, पोरगी आईवर गेलीय.

"हाना की, बाई," धोंडुबाई डोळे मिटून म्हणाली. "मला न्हाय लागत."

मिटलेल्या त्या डोळ्यांच्या वर पितळेचे डोळे उघडे होते. संयोगितानं आत राग शोधला, निदान तो असता तर बरं झालं असतं. पण तो कुठंच नव्हता, त्याच्या जागी नुसता एक हात होता, उन्हात वर धरलेला, आणि तो खाली कसा आणतात ते तिला काही केल्या आठवेना.