पैलवानाच्या कपाटाचा दाखला

कुलूपवाल्या आत्याबाईंच्या घराण्यात कुलूप आधी तोंडाने उघडत, मग हाताने. गिऱ्हाईक आलं की विचारायचं, "हे कुणासारखं?" जुना दाखला जुळल्याशिवाय तार आत जायची नाही. मेलेल्या माणसाची पेटी सगळ्या वारसांसमोर उघडायची. बाळ आत अडकलं असेल तर कुणालाच विचारायचं नाही. भांडून निघालेल्या नवऱ्याला बायकोचं कपाट उघडून द्यायचं नाही, त्याचा सदरा आत असला तरी. बिचारा उघडाच जाईना का.

सगळ्यांत वजनदार दाखला पैलवानाचा. तो शिंकला की गल्लीतली शटरं आपोआप खाली यायची. खाण्याचा मोह आवरेना म्हणून त्याने खाऊ कपाटात कोंडला, किल्ली आत्याबाईंच्या आजोबांना दिली आणि बजावलं, "मी पाया पडलो तरी उघडू नका." दुसऱ्याच दिवशी तो पाया पडला. आजोबा ढिम्म. पुढे तापाने फणफणून आला, औषध त्याच कपाटात. तेव्हा आजोबांनी उघडलं, बाटली काढून दिली आणि पुन्हा लावलं.

आता वय झालं, आत्याबाईंची तार कुलपात नीट बसेना. दुकान पुतणीला द्यायचं की समोरच्या, मशीनवर किल्ल्या कापणाऱ्या मशीनवाल्याला विकायचं, हा घोर. पुतणीचा हात लोण्यासारखा, पण येताच तिने पाटी लावली: कागद दाखवा, कुलूप उघडून घ्या.

"पाटीनेच भागत असेल तर मशीनवाला काय वाईट?" आत्याबाई म्हणाल्या. "आजचं पहिलं गिऱ्हाईक तुझं. निवाडा जमला तर दुकान तुझं."

पहिलं गिऱ्हाईक म्हणजे बहीणभाऊ, दोघांच्या मध्ये लोखंडी पेटी.

"पेटी कुणाची?" पुतणीने विचारलं.

"बाबांची," बहीण म्हणाली. "आहेत ते, पण सगळं विसरलेत. किल्ली कुठे टाकली तेही. दिवसभर पेटीवर हात ठेवून रडतात, उघडा म्हणतात."

"आणि शुद्धीत असताना काय म्हणाले होते, ते सांग ना, ताई," भाऊ म्हणाला. "मी सांगितलं तरी उघडू नका, असं म्हणाले होते."

पाटीवर याचं उत्तर नव्हतं. पुतणीने पाटीकडे पाठ फिरवली. आत्याबाईंनी मात्र मनात केव्हाच निकाल लावला होता: सरळसरळ पैलवान. उघडायचं नाही.

"पैलवानासारखंच दिसतंय," पुतणी हळूच म्हणाली आणि दोघांना ती गोष्ट सांगितली.

"तेच म्हणतोय मी," भाऊ खूश झाला.

"पण रडणं हा तापच नाही का?" बहीण म्हणाली.

"थांबा जरा," पुतणी म्हणाली. "पैलवानाला भीती स्वतःची होती. तुमच्या बाबांना कुणाची होती?"

बहीणभाऊ एकमेकांकडे बघायला लागले. मग बहीण म्हणाली, "आमची. आईच्या काही वस्तू आहेत आत. एकदा बघून आम्ही हसलो होतो. दुसऱ्या दिवशी कुलूप लागलं."

"'मी सांगितलं तरी,' असं का म्हणाले मग?"

"आम्ही गोड बोलून हो म्हणवून घेऊ, म्हणून," भाऊ खाली बघत म्हणाला.

"मग हा पैलवान नव्हे. त्याने स्वतःपासून लपवलं, यांनी तुमच्यापासून. पेटी उचला. त्यांच्यासमोर उघडते, त्यांच्याचसाठी."

आत्याबाईंच्या हातातली तार खाली पडली. एवढं आयुष्य तो दाखला सांगितला, पण भीती कुणाची होती हे विचारायचं त्यांना कधी सुचलं नव्हतं.

बाबांच्या खोलीत पुतणीने कुलूप काढलं आणि झाकणाला हातही न लावता सगळ्यांना भिंतीकडे तोंड करायला लावलं. आत्याबाईंनाही. मागे झाकण करकरलं.  मग म्हातारा असा हसला की खिडकीच्या काचा हसल्या, शेजारचं कुत्रंही हसलं म्हणतात.

"लाव गं," तो म्हणाला.

"आत काय होतं?" भावाने बाहेर आल्यावर विचारलं.

"मला काय माहीत? मीही भिंतच बघत होते," पुतणी म्हणाली.

आत्याबाईंच्या अंगावर मूठभर मांस चढलं. कुणी म्हणतं, त्या दिवशी दुकानाच्या दारातून त्यांना आडवं शिरावं लागलं. दुपारी एक गिऱ्हाईक मोडकं कुलूप घेऊन आलं आणि सवयीने त्यांच्यापुढे उभं राहिलं.

आत्याबाईंनी खुर्ची पुढे सरकवली. "बसा. मालकीणबाई जेवायला गेल्यात. निवाडा त्या करतात."