तेलाच्या डागांची यादी

इंद्रायणीने पुस्तक उघडून नाकापाशी नेलं, अर्धाच श्वास घेतला आणि ते डावीकडच्या ढिगावर ठेवलं.

"शेंगाचटणी," ती म्हणाली.

स्टुलावर चढून वरच्या फळीवरची पुस्तकं खाली देणारा निंगप्पा हसला. "चटणीवरनं पुस्तकं निवडताय व्हय बाई?"

"मग कशावरनं निवडू? ह्यातलं एकही मी वाचलेलं नाही."

शुक्रवार पेठेतल्या या वाचनालयात ती बावीस वर्षं ग्रंथपाल होती. सकाळी पोथीचा अध्याय झाल्याशिवाय ती पाणी घेत नसे, आणि वाचायचं म्हणून जे वाचायचं ते त्या अध्यायात भागत असे. विनोदी पुस्तकांचं कपाट तिने कधी मनापासून उघडलं नव्हतं. पण पुढच्या सोमवारपासून वाचन सप्ताह होता आणि वाचनालयाचे कार्यवाह चिंतामणी सर शनिवारी टेबलापाशी येऊन सांगून गेले होते, "विनोदी आणि उपहासाच्या पुस्तकांची शिफारस यादी करा. बारा पुस्तकं, प्रत्येकापुढे एक ओळ. फळ्यावर लावू, ग्रुपवरही टाकू."

"सर, मी विनोदी वाचत नाही."

"म्हणूनच तुम्हाला सांगतोय. जे वाचतात त्यांची आपसात भांडणं आहेत."

मग तिने स्वतःची रीत काढली. लोक जे पुस्तक ताटाशेजारी ठेवून वाचतात ते आवडीचं. ज्याची कड काळी, ज्यावर तेलाचे डाग जास्त, ते यादीत. आत काय काय सापडतं तेही ती कागदावर टिपत होती. एकात एसटीची तीन तिकिटं निघाली. एकात गोळ्यांच्या रिकाम्या पट्टीची खूण होती. सहकारी संस्थेच्या निवडणुकीवरच्या एका पुस्तकातली चार पानं कुणीतरी पट्टी लावून सुबक कापून नेली होती.

आज सोमवार होता आणि उपासाच्या दिवशी लसणाचा वास घेणं बरं नव्हे, म्हणून श्वास अर्धा.

निंगप्पाने एक जाड, हिरव्या पुठ्ठ्याचं पुस्तक काढलं, पाहिलं आणि परत फळीवर सरकवलं.

"ते दे की."

"ते ऱ्हाऊ द्या बाई. पयली सोळा पानं न्हाईत त्याची. नावबी न्हाई."

"कड बघ किती काळी झालीय. दे."

त्याने ते दिलं, पण लगेच स्टुलावरून उतरला आणि चहा बघून येतो म्हणत बाहेर गेला.

पुठ्ठ्यावर पांढऱ्या शाईत 'वि-२१४' लिहिलं होतं. पुस्तक आपोआप एकशे सत्ताविसाव्या पानावर उघडलं, इतक्या वेळा ते तिथे उघडलं गेलं होतं. पानात एक गृहस्थ कचेरी चुकवायला पाठदुखीचं सोंग करत होता, आणि त्याच्या पाठीसाठी सगळं घर देवाला साकडं घालत सुटलं होतं. शेजारी समासात बारीक, कलत्या अक्षरात शिसपेन्सिलीने लिहिलं होतं.

'आमच्याकडे हेच. वाचताना हसू दाबतो, म्हणून ठसका लागतो. हिने त्या ठसक्यासाठी उपास धरलाय. आता खरं कसं सांगू?'

खाली निळ्या शाईत दुसऱ्या कुणी: 'उपास संपला की सांगा.'

पुन्हा शिसपेन्सिल: 'संपला. ठसका गेला नाही म्हणून तिने पुढे चालू ठेवला.'

तिसरं अक्षर: 'मग मोकळेपणी हसा ना!'

'ती आत पोथी वाचत असते. मी हसलो तर तिला वाटेल, तिलाच हसलो.'

इंद्रायणीने पुस्तक मिटलं. समासात लिहिलेलं खोडून काढणं हे तिचं कामच होतं. दर महिन्याला ती खोडरबर घेऊन बसत असे. या कपाटाचं मात्र निंगप्पा म्हणायचा, ते मी बघतो की. बघितलेलं दिसत नव्हतं. तिने ड्रॉवरमधून खोडरबर काढलं, तेवढ्यात एक सभासद पुस्तक बदलायला आला, आणि तिने खोडरबर आणि पुस्तक दोन्ही ड्रॉवरमध्ये ढकललं.

सभासदाला तिने दुसऱ्याच पुस्तकाची नोंद करून दिली. तो दारातून परत आला.

कुणाची बायको असेल ही? याच पेठेतली असणार. कदाचित ओळखीची, देवळात शेजारी बसणारी. बिचारी उपाशी राहते, आणि तिचा नवरा ते पुस्तकात लिहून ठेवतो, आणि चार परके लोक त्याला सल्ले देतात. तिला सांगायला नको? अक्षर ओळखीचं वाटत होतं. पण बावीस वर्षं सगळ्यांच्या चिठ्ठ्या वाचणाऱ्या बाईला सगळीच अक्षरं ओळखीची वाटतात.

देवदत्तला, तिच्या नवऱ्याला, ठसका होता. पण तो खरा होता. जुन्या पुस्तकांची धूळ त्याच्या छातीत जात असे, म्हणून ती त्याची पुस्तकं आधी फडक्याने पुसून देत असे. डॉक्टरांना काही सापडलं नव्हतं. डॉक्टरांना धूळ कुठून सापडणार?

चारच्या सुमारास चिंतामणी सर वर्तमानपत्र चाळत बसले होते. ती त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिली, परत टेबलाशी आली, पुन्हा गेली.

"सर, एक विचारू का? समजा, एखाद्या बाईने व्रत धरलं. ज्या कारणासाठी धरलं ते कारण मुळात नव्हतंच. हे तिसऱ्याला कळलं, तर त्याने तिला सांगावं का?"

सरांनी वर्तमानपत्राची घडी घातली. "तिला ते व्रत जड जातंय का?"

"सोमवार कसले जड जातात, सर? अंगवळणी पडतात. उलट त्या दिवशी घरात कसं निवांत वाटतं."

"सोमवार आहेत होय," सर हळूच म्हणाले.

ती थांबली. समासात नुसतं उपास लिहिलेलं होतं. सोमवार तिने घातला होता.

सर चष्मा पुसत राहिले. मग उठताना म्हणाले, "यादीची घाई नाही, बाई. रविवारी दिली तरी चालेल."

वाचनालय निंगप्पावर सोपवून ती सिद्धेश्वराला गेली. दर सोमवारी जायची तशीच. तळ्याच्या बाजूला बसून जपमाळ काढली. तीन वेळा मण्यांची गणती चुकली. चौथ्यांदा तिने माळ पिशवीत टाकली आणि देवाला नुसते हात जोडून घरी आली.

तेरा वर्षांपूर्वी, मुलगी दहावीत असताना, तिने हे सोमवार धरले होते. आधी सोळा. ठसका राहिला, म्हणून पुढचे सोळा. मग मोजणं सुटलं. संध्याकाळी दिवा लागला की मौन, ते जेवण होईपर्यंत. ते आटोपलं की सोमवार सुटला.

तिने दिवा लावला. अडुळशाचा काढा उकळून गाळला, वाटी घेतली आणि बाहेरच्या खोलीकडे निघाली.

देवदत्त नेहमीसारखा कॉटवर भिंतीकडे तोंड करून आडवा होता. हातात पुस्तक, खांदे गदगदत होते. या पाठीवरून तिने कितीतरी वेळा हात फिरवला होता, मागून. पण दिवाळीपासून मुलीचं जुनं कपाट या खोलीत आणून ठेवलं होतं, आणि त्याच्या आरशात कॉटची भिंतीकडची बाजू दिसत होती. आज तिने पहिल्यांदा तिकडे पाहिलं.

देवदत्तच्या तोंडात टॉवेलचं टोक होतं. ते त्याने दातांत घट्ट धरलं होतं. डोळे मिटलेले, गालांवरून पाणी वाहत होतं. मग दातांतून टॉवेल सुटला आणि ठसका लागला. अगदी तोच, तेरा वर्षांचा.

बोलायची मुभा असती तर ती काय बोलली असती कोण जाणे. ती उलट्या पावली स्वयंपाकघरात आली. वाटी ओट्यावर ठेवली, उचलली, पुन्हा ठेवली. ताटं वाढली.

जेवताना देवदत्तने दोनदा तिच्याकडे पाहिलं.

"आज काढा नाही?"

तिने मान हलवली. नाही.

त्याचा चेहरा उजळला आणि लगेच पडला. "बरं नाही का गं तुला?"

तिने पुन्हा मान हलवली आणि त्याच्या ताटात भाकरी वाढली.

मंगळवारी ती वाचनालयात अर्धा तास आधी गेली. ड्रॉवरमधून वि-२१४ काढलं आणि काल न उलटलेलं पान उलटलं. एकशे अठ्ठाविसाव्या पानाच्या समासात तेच कलतं अक्षर होतं. आडवं पडून लिहिलं की असंच कलतं.

'आता काढाही. अडुळशाचा. कडू जहर.'

निळी शाई: 'पिता?'

'पितो. ती वाटी संपेपर्यंत समोर उभी असते. त्या वेळी फार चांगली दिसते.'

खोडरबर तिच्या हातात होतं. ते ती टेबलाच्या कडेशी घासत राहिली, काळे तुकडे मांडीवर पडले.

दारात निंगप्पा केव्हाचा झाडू घेऊन उभा होता.

"तुला माहीत होतं," ती म्हणाली.

"व्हय."

"किती वर्षं?"

"मोजलं न्हाई बाई."

"सांगायचं नाही का रे एका शब्दाने?"

"अय्यो, कसं सांगायचं? साहेब इतकं बारीक लिवत्यात. मी बी चष्मा लावून वाचलं ते." मग झाडू भिंतीला टेकवून म्हणाला, "खोडलं न्हाई म्या. खोडवंना."

तिने सतराव्या पानापासून पुस्तक वाचायला घेतलं. आधी रागाने, एखाद्याचा जबाब वाचावा तसं. शंभराव्या पानाच्या आसपास तिने खुर्ची भिंतीकडे वळवली. दुपारी अभ्यासिकेतल्या मुलींपैकी एकजण येऊन विचारून गेली, मॅडम, पाणी देऊ का, तुम्हाला ठसका लागलाय.

सोमवार आता कशासाठी, हे तिने आठवडाभर स्वतःला विचारलं. भाजी निवडताना विचारलं, पोथी बांधताना विचारलं. एकदा वाटलं, इतके दिवस उपाशी राहून जे मागितलं ते देवाने मुळात घेतलंच नसेल. एकदा वाटलं, त्याने घेतलं असेल आणि तोही टॉवेल तोंडात धरून बसला असेल. हा विचार देवासमोर आला म्हणून तिने कान पकडले. त्या आठवड्यात देवदत्तलाही चैन नव्हतं. काढा बंद झाला तो का, हे त्याला कळत नव्हतं, आणि विचारायची हिंमत नव्हती. तो स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभा राही, काहीच नाही म्हणून परत जाई.

दुसऱ्या सोमवारी पहाटे ती नेहमीसारखी उठली. अध्याय वाचला. उपास धरला.

दहा वाजता यादी फळ्यावर लागली. चिंतामणी सरांनी तिचा फोटो काढून ग्रुपवर टाकला. एक शब्दही बदलला नव्हता.

'वि-८८. प्रवासात वाचावे. गाडी लागली तरी स्टँड आल्याचे कळत नाही.'

'वि-१४०. आजारी माणसाच्या उशाशी ठेवावे. औषधे चुकवू नयेत.'

'वि-५७. संस्थेच्या पदाधिकाऱ्यांनी वाचावे. चार पाने त्यांच्याकडेच आहेत.'

बारावी ओळ शेवटी होती. 'वि-२१४. पहिली सोळा पाने नाहीत, अडत नाही. घरी, माणसांत, मोठ्याने वाचावे. हसू दाबू नये, ठसका लागतो. त्यावर काढा चालत नाही.'

दिवसभर ग्रुपवर लोक अंगठे दाखवत राहिले. देवदत्तने काही टाकलं नाही. तो पाच वाजता वाचनालयात येऊन गेला म्हणे. ती तेव्हा देवळात होती.

दिवा लावून तिने पानं वाढली. देवदत्त येऊन बसला तेव्हा त्याच्या हातात हिरव्या पुठ्ठ्याचं पुस्तक होतं. त्याने ते ताटाशेजारी ठेवलं, सरळ केलं, पुन्हा सरळ केलं.

"यादी वाचली," तो म्हणाला.

तिने त्याच्या पानात चटणी वाढली.

"अगं, मी सांगणार होतो. पहिल्या सोळांतच. तू उद्यापन केलंस, जोडपी जेवायला घातलीस, मग कसं..." त्याने कपाळावरचा घाम पुसला. "रागावलीस का? तेवढं खुणेने तरी सांग."

ती बोलू शकत नव्हती. तिने हात पुढे केला, पुस्तक उघडलं. ते आपोआप जिथे उघडायचं तिथे उघडलं. तिने ते त्याच्याकडे फिरवलं आणि पाठदुखीच्या पहिल्या ओळीवर बोट ठेवलं.

"मोठ्याने?"

तिने मान डोलावली.

देवदत्तने घसा खाकरला. आवाज आधी कापरा होता. पाठदुखीला पहिला वैद्य आला तेव्हा तो सावरला. दुसरा वैद्य पहिल्याची नाडी बघायला लागला तेव्हा त्याला पुढचं वाचवेना. तो हसला. हे हसणं तिने या घरात कधी ऐकलं नव्हतं. ठसक्यापेक्षा ते बरंच बारीक होतं, शाळेतल्या मुलासारखं.

इंद्रायणीने ओठ आवळले. जेवण व्हायचं होतं, मौन सुटायचं होतं. तिने पदर तोंडाशी नेला. तिसरा वैद्य दारात आला. तिने पदराचं टोक दातांत धरलं, डोळे मिटले, खांदे गदगदले, आणि तिला ठसका लागला.

देवदत्त पुस्तक टाकून उठला. पाण्याचं भांडं तिच्यापुढे धरलं आणि तिच्या पाठीवरून हात फिरवू लागला.

"थांब, थांब," तो म्हणाला, "अडुळसा उकळू का जरासा?"