हेलन लॉरिमर यांची पहिली बोली

हेलन लॉरिमर माझ्याकडे आल्या १९८५च्या फेब्रुवारीत, आणि आल्या त्या एवढ्याचसाठी की दुसऱ्या कुणालाच त्या नको होत्या.

मी तेव्हा मिशिगनमध्ये, नोव्हायपासून वीस मिनिटांवरच्या एका रिहॅब सेंटरमध्ये स्पीच थेरपिस्ट होते. पक्षाघातानंतर ज्यांची वाचा जाते त्यांना पुन्हा बोलतं करायचं, हे माझं काम. शिक्षण मुंबईत झालेलं, इथली परीक्षा नव्याने दिलेली, लायसन्स भिंतीवर टांगलेलं. तरी आमची सुपरवायझर बार्बरा मला गोड आवाजात सांगायची, "पद्मजा, तू छानच काम करतेस, पण पेशंट तुझे उच्चार उचलतील ना!" माझ्या तोंडून व्ही आणि डब्ल्यू एकसारखेच बाहेर पडायचे, ते तिला खटकायचं. म्हणून ज्यांचं आणखी बिघडण्यासारखं काही उरलेलं नाही, असे पेशंट माझ्या वाट्याला यायचे.

हेलनबाईंच्या फाइलवर लिहिलं होतं: वय बहात्तर. निवृत्त अभिनेत्री. जन्म एडिनबरा, स्कॉटलंड. उजवी बाजू लुळी. बोलणं अर्थहीन. समजतं की नाही, शंका. कधीकधी आक्रमक.

नाव घराघरात पोचलेलं नव्हतं, पण चेहरा बऱ्याच जणांच्या ओळखीचा होता. जुन्या कृष्णधवल सिनेमांत त्या मोठ्या घरच्या मालकीणबाई असत. पुढे वय झाल्यावर त्याच घरांतल्या हाउसकीपर, मग नन, मग टीव्हीवर कुणाची तरी आजी. आमच्याकडच्या एका वयस्क नर्सला त्यांचा आवाज आठवत होता. "काय इंग्लिश होतं बाईचं! त्या बोलायला लागल्या की माझी आई सोफ्यावर ताठ बसायची," ती म्हणाली.

आता त्याच बाई खिडकीपाशी व्हीलचेअरमध्ये बसून डाव्या हाताने हवेत काहीतरी दाखवत होत्या आणि पुन्हा पुन्हा म्हणत होत्या, "स्टीक! स्टीक द विंडी!"

"काठी मागतात," नर्सने मला सांगितलं. "परवा दिली, तर फेकून मारली."

'आक्रमक' हा शेरा तिथून आला होता.

शिवाय त्या सारख्या कुणा केनला हाका मारत. "ए केन! ए केन!" त्यांचा सावत्र मुलगा डग्लस अ‍ॅन आर्बरला डेंटिस्ट होता, दर रविवारी यायचा. डग्लस चौदा वर्षांचा असताना त्याच्या वडिलांनी, वॉल्टरनी, हेलनबाईंशी लग्न केलं. वॉल्टर जाऊन सहा वर्षं झाली होती. मी डग्लसला केनबद्दल विचारलं, तर तो कसनुसा झाला. "आमच्यात केन कुणीच नाही. बाबांच्या आधी कुणी असेल तर मला माहीत नाही. आणि माहीत करून घ्यायचंही नाही."

वाचा गेलेले काही पेशंट खरोखरच अर्थहीन बोलतात. पण त्या बडबडीत आवाज बदलत राहतात. आज एक, उद्या भलतंच. या बाईंचं तसं नव्हतं. खिडकी उघडी असली की 'स्टीक द विंडी', आणि बंद केली की गप्प. मी एखादी गोष्ट दुसऱ्यांदा समजवायला लागले की 'ए केन', तेही वैतागून. जेवणाचा ट्रे आला की तोंड वाकडं करून एक लांबलचक वाक्य, त्यात 'इंगिन' असा काहीतरी शब्द. अर्थ नसता तर वेळ इतकी अचूक कशी साधली असती?

मी ते आवाज लिहायला घेतले. इंग्रजीत लिहून बघितलं, तर दुसऱ्या दिवशी माझं मलाच वाचता येईना. मग देवनागरीत लिहिलं. आपल्या लिपीचं हे बरं असतं, कानावर पडलं तसंच्या तसं उतरतं. तीन आठवड्यांत चार पानं भरली.

घरी उल्हासला, माझ्या नवऱ्याला, वाचून दाखवलं. तो कार कंपनीत इंजिनिअर.

"इंगिन म्हणजे इंजिनच असणार यार," तो म्हणाला. "डिट्रॉइटच्या माणसाची बायको ना ती?"

"जेवण समोर आल्यावर इंजिन कशाला आठवेल?"

"स्कॉटिश आहे म्हणालीस ना? आमच्या प्लँटमध्ये आर्ची मिल्न होता बघ, साचे बनवणारा. मागच्या वर्षी रिटायर झाला. अस्सल स्कॉटिश. त्याला कॉल कर."

शनिवारी दुपारी मी आर्चीला फोन लावला, कोण कुठली ते सांगितलं आणि वही उघडून एकेक ओळ वाचत गेले. माझे उच्चार अकोल्याचे, समोरचा माणूस कधी पाहिलेला नाही. पहिलं पान संपलं तरी पलीकडून हूं की चूं नाही. मला वाटलं, लाइन कट झाली.

"हॅलो?"

"पोरी," आर्ची म्हणाला, "कुठल्या गिरणीत होतीस तू?"

"गिरणी? कसली गिरणी?"

"ज्यूटची. हे डंडी शहरातलं बोलणं आहे. माझी आई असंच बोलायची. ए केन म्हणजे मला कळतं, माहीत आहे मला. स्टीक द विंडी म्हणजे खिडकी लाव. आणि ते शेवटचं, इंगिनवालं, पुन्हा वाच बघू."

मी पुन्हा वाचलं. तो हसायला लागला, हसता हसता त्याला ठसका लागला. "दोन साधे मीट-पाय दे आणि एक कांद्याचा! डंडीतलं शेंबडं पोरही म्हणतं हे. इंगिन म्हणजे कांदा."

मी सांगितलं, "पण त्या एडिनबराच्या आहेत. पाद्र्याची मुलगी. मासिकात छापून आलेलं कात्रण आहे त्यांच्या मुलाकडे."

"मासिकात काहीही छापतात," आर्ची म्हणाला. "ही बाई माझ्या आईच्या गल्लीतली आहे."

सोमवारी मी त्याला सेंटरमध्ये घेऊन गेले. मला कोण आनंद झाला होता! वाटलं, बाईंना आपलं माणूस भेटेल, त्या खूश होतील. आर्ची टोपी काढून समोर बसला आणि त्यांच्या बोलीत काहीतरी बोलला. हेलनबाई आधी चमकल्या. मग त्यांचा चेहरा असा पडला की मला अजून आठवतं. त्यांनी डाव्या हाताने खुर्चीचं चाक ढकललं, भिंतीकडे तोंड केलं आणि आर्ची जाईपर्यंत वळल्या नाहीत.

पुढचे दोन दिवस त्यांनी माझ्यासमोर तोंड उघडलं नाही. चूक माझीच होती. इतकी वर्षं त्यांनी जे झाकून ठेवलं होतं, ते मी त्यांना न विचारता उघडं केलं होतं.

गुरुवारी टीम मीटिंग होती. सुधारणा नाही, समजतही नाही, म्हणून त्यांना कायमचं नर्सिंग होममध्ये हलवायचं जवळपास ठरलं होतं. बुधवारी दुपारी मी त्यांच्याजवळ खुर्ची घेऊन बसले.

"मिस लॉरिमर, माझं चुकलं," मी म्हटलं. "आर्चीला आणण्याआधी तुम्हाला विचारायला हवं होतं. डग्लसला मी काही सांगितलेलं नाही. तुम्ही नको म्हणालात तर सांगणारही नाही. पण उद्या तुमच्याबद्दल ठरणार आहे, आणि तुम्हाला सगळं कळतं हे त्यांना माहीत नाही. तुमच्याशिवाय ते कुणी सांगू शकणार नाही."

त्या माझ्याकडे वळल्या. "ए केन," हळूच म्हणाल्या.

मला माहीत आहे.

मीटिंगला डग्लसही आला होता. बार्बराने फाइल उघडली आणि हेलनबाई समोर असताना, त्या नसल्यासारखं बोलायला सुरुवात केली. दोन वाक्यं झाली असतील. हेलनबाईंनी डावा हात उचलला.

"व्हीश्ट!"

ओरडल्या नाहीत. पण थिएटरच्या शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची सवय असलेली बाई ती. बार्बरा गप्प झाली. या शब्दाचा अर्थ विचारायला कुणाला आर्ची लागला नाही.

मग त्या डग्लसकडे वळल्या. एकेक शब्द खणून काढावा तसा काढत होत्या. कपाळावर घाम आला होता.

"केन... मॅन नो. नॉट मॅन." मग स्वतःच्या कपाळावर बोट ठेवलं. "ए केन. आय... नो. आय नो." दम घेतला. "एडिनबरा, नो. डंडी. मिल. मदर, मिल. मी, मिल."

त्यांनी लुळा हात मांडीवर ठेवला आणि चांगल्या हाताने माग चालवून दाखवला. धोटा इकडून तिकडे, तुटलेला धागा, गाठ. मिनिटभरच. पण मला तो माग दिसला.

डग्लसने विचारलं, "बाबांना माहीत होतं?"

त्यांनी मान हलवली. होतं.

"मला का नाही सांगितलंत? चोवीस वर्षं झाली, हेलन."

याचं उत्तर देण्याइतके शब्द त्यांच्याजवळ नव्हते. त्यांनी त्याचा हात धरला. त्याला लागलं होतं ते दिसत होतं, पण हात त्याने सोडवून घेतला नाही. मी वही उघडून त्याला 'स्टीक द विंडी'चा अर्थ सांगितला. मग तो बार्बराकडे वळला आणि त्याने विचारलं, "आई खिडकी बंद करा म्हणत होती आणि तुम्ही तिला काठी दिलीत?"

नर्सिंग होमचं कॅन्सल झालं. एप्रिलमध्ये त्या स्वतःच्या घरी गेल्या, मदतीला एक बाई ठेवली, आणि आठवड्यातून तीनदा मी जायला लागले. दर शनिवारी आर्ची यायचा, बायकोने केलेले कांद्याचे मीट-पाय घेऊन. पहिल्या शनिवारी त्यांनी त्याच्याकडे बघितलं नाही, पण मीट-पाय खाल्ला. तिसऱ्या शनिवारी दोघं कुठल्याशा मुकादमाला शिव्या देत होते.

त्यांचं आयुष्य मला पुढच्या वर्षभरात तुकड्यातुकड्यांनी कळलं. डंडीत बायकांना गिरणीत काम मिळे, पुरुष बेकार. बाप घरी चहाचं आधण ठेवायचा, आई मागावर. खरं नाव नेली गाउ. चौदाव्या वर्षी नेली आईच्या शेजारच्या मागावर उभी राहिली. गिरणीच्या खडखडाटात कुणाचंच ऐकू यायचं नाही, म्हणून बायका हातवारे करून आणि ओठ वाचून बोलायच्या. नेली सगळ्यांच्या नकला करायची आणि अख्खी रांग आवाज न होता हसायची. चर्चच्या एका कार्यक्रमात कुणीतरी तिला बघितलं आणि जवळच्याच पर्थ गावच्या नाटक मंडळीत नेलं. तिथला दिग्दर्शक म्हणाला, "चेहरा राणीचा आहे, पण तोंड उघडलंस की गिरणी सुरू होते." मग दातांत बूच धरून दोन वर्षं उच्चार घोटले. नाव बदललं, गाव बदललं, बाप पाद्री झाला. लंडनची रंगभूमी, युद्धानंतर अमेरिका, सिनेमे. आई एकदा लंडनला नाटक बघायला आली, तेव्हा तिला कपडेपटातली बाई म्हणून ओळख करून दिली. हे सांगायला त्यांना अख्खी दुपार लागली. सांगून झाल्यावर मला जायला सांगितलं.

तो कमावलेला आवाज परत आला नाही. मी सगळं करून बघितलं. शब्द वाढले, वाक्यं जुळायला लागली, पण सगळी डंडीची. १९८६च्या हिवाळ्यात एका दुपारी टीव्हीवर त्यांचा जुना सिनेमा लागला. मी सेट बंद करायला उठले, तर त्यांनी अडवलं. पडद्यावर तिशीतल्या हेलन लॉरिमर जिन्यावरून उतरत होत्या आणि एकेक शब्द काचेच्या पेल्यासारखा अलगद ठेवत होत्या.

"किती सुंदर बोलायचात," माझ्या तोंडून निघून गेलं. लगेच जीभ चावली.

त्यांना राग आला नाही. नीट निरखून बघत होत्या, दुसऱ्या कुणा नटीला बघावं तशा. "काम बरं करते पोरगी," त्यांच्या बोलीत म्हणाल्या. तोवर ती मला कळायला लागली होती. "पण भ्यालेली आहे. बघ, खांदे बघ तिचे. एखादा शब्द घसरेल म्हणून जीव मुठीत धरलाय."

मी बघितलं. खरंच, खांदे वर चढलेले होते.

पुढच्या वर्षी जवळच्या कॉलेजच्या नाट्यविभागाने एका नव्या नाटकात त्यांना आजीचं काम दिलं. बसूनच करायचं, सगळी मिळून नऊ वाक्यं. विद्यार्थी दिग्दर्शिकेने भीत भीत विचारलं, लोकांना कळेल असं थोडं सोपं, अमेरिकन करता येईल का? हेलनबाई म्हणाल्या, नाही. येत असतं तरी केलं नसतं, असंही म्हणाल्या, पण ते खरं होतं की नाही मला सांगता येणार नाही.

सहा प्रयोग झाले. प्रॉम्प्टिंगला मी विंगेत उभी होते. चौथ्या प्रयोगात सातवं वाक्य आठवेना. मी कुजबुजले, तर त्यांनी मान न वळवता हाताने मला थांबवलं. थिएटर थांबलं. मग त्यांनी ते वाक्य म्हटलं, सावकाश, आणि लोकांना वाटलं ते तसंच म्हणायचं असतं.

१९८८च्या ऑक्टोबरमध्ये पक्षाघाताचा दुसरा झटका आला, त्यातून त्या उठल्या नाहीत. मृत्यूची बातमी पेपरला द्यायची होती, म्हणून डग्लसचा मला फोन आला. आजीचं नाव काय होतं, तो विचारत होता. हेलनची आई. तुला कधी बोलल्या का त्या?

बोलल्या होत्या. मी त्याला नाव सांगितलं आणि स्पेलिंग करून दिलं. त्याने सावकाश लिहून घेतलं, पुन्हा वाचून दाखवलं, आणि बरोबर आहे ना असं दोनदा विचारलं.