पिवळी चिकटपट्टी

तालमीच्या हॉलमध्ये पाऊल टाकल्याबरोबर म्युरिअल स्टबलीची नजर जमिनीवर गेली. खरा सेट फक्त रेकॉर्डिंगच्या दिवशी, टीव्हीच्या स्टुडिओत मिळायचा. तोवर लंडनच्या ॲक्टन भागातल्या चर्चच्या या हॉलात जमिनीवर रंगीत चिकटपट्ट्या मारून भिंती आणि दारं दाखवत. लाल पट्टी म्हणजे मालिकेचा नायक लेन याची बैठकीची खोली. निळी म्हणजे जिना. पिवळी म्हणजे शेजारच्या मिसेस टॉफमचं स्वयंपाकघर, आणि मिसेस टॉफम म्हणजे म्युरिअल.

लाल होती. निळी होती. पिवळी नव्हती.

तिने पिशवी खिडकीखालच्या खुर्चीवर ठेवली आणि पुन्हा एकदा सगळी जमीन पाहून घेतली.

"चहा टाकू का तुला?" जॉइसने विचारलं. पट्ट्या मारायचं काम जॉइसचं. तिच्या गुडघ्यांना अजून धूळ होती.

"पिवळी पट्टी संपली का गं?"

"नाही. आहे पेटीत." जॉइसने किटलीकडे तोंड फिरवलं. "आराखड्यात होतं तेवढंच मारलं मी. तू गॉर्डनशी बोल ना."

विनोदी मालिकेचं नवं पर्व सुरू होणार म्हणून म्युरिअलने उन्हाळाभर दुसरं काम घेतलं नव्हतं. तिचं काम दिसायला सोपं होतं. दारातून यायचं, काहीतरी विचारायचं, मालिकेतही स्वतःच्याच नावाने वावरणाऱ्या लेन क्रॅगने उत्तर द्यायचं, आणि स्टुडिओत बसलेल्या प्रेक्षकांनी हसायचं. हसू चालू असताना चेहरा हलवायचा नाही. ते उतरणीला लागलं की श्वास घ्यायचा आणि पुढचं वाक्य टाकायचं. आधी टाकलं तर हशा तुटतो. उशीर झाला तर थंड पडतो. हे तिला बरोबर जमायचं. रस्त्यात लोक तिला ओळखायचे, पण कुठली ते त्यांना आठवत नसे. "तुम्ही आमच्या बँकेत होतात ना?" असं विचारायचे.

निर्माता गॉर्डन तिला जिन्याच्या निळ्या पट्टीपाशी घेऊन गेला.

"तुझ्या एजंटला कळवायचं राहूनच गेलं बघ. मिसेस टॉफम बोर्नमथला बहिणीकडे राहायला जाते."

"तिला बहीण नाही," म्युरिअल म्हणाली. "ती एकुलती एक आहे. मागे एका भागात मीच म्हटलंय तसं."

"लोकांच्या कुठे लक्षात राहतं ते!"

"नाही राहत," तिने मान्य केलं.

"पण तुझं नाव निघतं हं पहिल्या भागात. हशाची मस्त जागा आहे. लेन म्हणतो, मिसेस टॉफम गेल्या. त्याची भाची विचारते, अरे देवा, कशाने? तर हा म्हणतो, अकराच्या गाडीने."

म्युरिअलने ते मनात एकदा म्हणून पाहिलं. "चांगलं आहे. पण 'कशाने' हळू यायला हवं. घाई केली तर फुकट जाईल."

"सांगतो तिला."

"कुणाला?"

"नवीन मुलगी आहे. भाचीचं काम करणारी."

"अच्छा," म्युरिअल म्हणाली. काहीतरी वाटेल म्हणून ती क्षणभर थांबली. किटलीची शिट्टी झाली. बाकी काही झालं नाही.

पिशवी समोर खिडकीखाली होती. मध्ये लेनची बैठकीची खोली होती. तालमीच्या हॉलात पट्टीवरून कुणीही चालत नाही. बिस्कीट आणायलासुद्धा लेन वळसा घालून दारातूनच, म्हणजे पट्टीत सोडलेल्या मोकळ्या जागेतूनच जायचा. म्युरिअल मात्र सरळ निघाली, लाल पट्टी ओलांडून थेट बैठकीच्या खोलीत.

खुर्चीत वर्तमानपत्र वाचणाऱ्या लेनने मान वर केली.

"अगं म्युरिअल! भिंतीतून आलीस की! मेल्यावर जमतं म्हणतात ते. तुला तर आम्ही नुसतं बोर्नमथला पाठवलंय!"

सगळा हॉल हसला. गॉर्डन हसला, कोपऱ्यात कोट काढत असलेली ती नवी मुलगी हसली, आणि तोंडावर हात धरून जॉइससुद्धा. मोठा, गोल, चांगला हशा होता. लेनचाच होता.

म्युरिअल होती तिथे उभी राहिली. चेहरा हलवला नाही. हशा चढला, वर थोडा रेंगाळला आणि उतरणीला लागला. अगदी बरोबर जागेवर तिने श्वास घेतला.

पुढे वाक्य नव्हतं.

तिने श्वास सोडला, पिशवी उचलली आणि बाहेर जाताना लाल पट्टीतल्या दारातून गेली. जॉइसने पट्टीत सोडलेली ती फूटभर मोकळी जागा तिने अंग चोरून, पट्टीला कुठेही पाय न लावता, ओलांडली.